चहा बाहेर, चेंडू आत

रोलरचा दांडा दोन्ही हातांनी धरा आणि सगळं अंग पुढे टाका. नुसत्या दंडांच्या जोरावर हा धोंडा हलायचा नाही. साल १८९२च्या आसपासचं, गाव पुणे, जागा गोऱ्या साहेबांचा पूना क्लब. तुम्ही आज इथले मैदानावरचे गडी आहात. पगाराची चौकशी इतक्यात करू नका.

शेजारी त्याच दांड्याला लागलेला मुलगा सोळा-सतरा वर्षांचा आहे. नाव बाळू. आडनाव पालवणकर, म्हणजे मूळ गाव रत्नागिरीकडचं पालवण. जन्म धारवाडचा, वडील लष्कराच्या नोकरीत, जात चर्मकार. तो आणि धाकटा भाऊ शिवराम क्रिकेट शिकले ते लष्करी अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या सामानावर. मग बाळूला एका पारशी क्लबात काम लागलं. झाडलोट करायची, खेळपट्टी लाटायची, कधी सभासदांना चार चेंडू टाकायचे. महिना तीन रुपये. इथे चार मिळतात. एवढ्या एका रुपयासाठी तो पारशांकडून इंग्रजांकडे आला आणि हिंदुस्थानच्या क्रिकेटचा रस्ता बदलला. पण हे तुम्हाला ठाऊक आहे, त्याला नाही. तुम्ही गप्प बसा आणि ओढा.

लाटून झालं की रेघा मारायच्या. दोन खुंट्या ठोकून सुतळी ताणायची, भिजवलेल्या चुन्यात कुंचा बुडवायचा आणि सुतळीच्या कडेकडेने, हात न थरथरता, एका दमात ओढायचा. कुंचा मध्येच उचलला की तिथे गाठ दिसते आणि साहेबाला ती बरोबर दिसते. मग जाळी उभी करायची. मग टेनिसच्या कोर्टाच्या रेघा. उन्हं वर आली की सभासद येतात, पॅड बांधतात, आणि कुणीतरी बाळूकडे चेंडू फेकतो.

आता नीट पाहा. डावा हात. चार-पाच पावलांची सहज चाल, आणि चेंडू हवेत जरा जास्तच वेळ राहतो. उजव्या हाताने खेळणाऱ्याला वाटतं की हा आपल्या पायावर येतोय. तो पाय टाकतो, बॅट आणतो, आणि चेंडू टप्पा पडून ऑफच्या दिशेने निघून जातो. पुढचा तसाच सुटतो, पण वळतच नाही. तासन् तास हे चालतं. तुम्ही जाळीमागे चेंडू गोळा करता करता वाट बघता की केव्हा तरी कुणी म्हणेल, बाळू, आता तू घे बॅट. असं कुणी म्हणत नाही. इथे बॅटिंग मालकाची आणि गोलंदाजी नोकराची. घाम ज्याचा निघतो ते काम नोकराचं, हा नियम क्रिकेटच्या पुस्तकात नाही. तरी तो सगळ्यांना पाठ आहे.

थोडे पुढे सरका, दोन-तीन वर्षं. आता इथे जॉन ग्लेनी ग्रेग नावाचा लष्करी अधिकारी येतो. मित्र त्याला 'जंगली' ग्रेग म्हणतात. त्या काळच्या हिंदुस्थानातला हा सर्वांत तयारीचा गोरा फलंदाज, आणि तो इतर सभासदांच्या तासभर आधी मैदानावर हजर होतो, खास बाळूसमोर सराव करायला. सांगतात की बाळूने बाद केलं की तो दर वेळी आठ आणे देई. हिशेब करा. चार रुपये म्हणजे चौसष्ट आणे. महिन्यात आठ वेळा ग्रेगला चकवलं की एक पगार वरचा. ग्रेगची बॅट या आठ आण्यांवर सुधारली आणि बाळूचा हात ग्रेगवर. दोघांनी एकमेकांना घडवलं, पण त्यातला एक क्लबाचा सभासद होता आणि दुसरा क्लबाच्या सामानाच्या यादीत मोडत होता.

आता दांडा सोडा. पुढची जागा वेगळी आहे, आणि तिथे तुम्ही जरा वरच्या पायरीवर असणार आहात.

•

पुण्यातच आहात. अंगावर पांढरे कपडे, आणि पूना हिंदूंच्या संघात तुमचं नाव. गोऱ्यांच्या क्लबाला हरवायचं, ही या संघाची जिवाची ओढ. त्यासाठी हुकमी गोलंदाज हवा, आणि तो गावातच आहे. ज्यांना हरवायचंय त्यांच्याच जाळीत रोज गोलंदाजी करतोय. अडचण तुम्हाला माहीत आहे. संघात ब्राह्मण बरेच. काहींचं म्हणणं, घ्या. काहींचं म्हणणं, शक्यच नाही. खुद्द ग्रेग म्हणाला म्हणे की बाळूला बाहेर ठेवलंत तर तुमच्यासारखे मूर्ख तुम्हीच. शेवटी त्याला घेतलं. जिंकण्याची भूक सोवळ्यापेक्षा जरा मोठी निघाली.

सामना सुरू आहे. तुम्ही स्लिपमध्ये. षटक पाच चेंडूंचं आहे, हे विसरू नका. सहाचं व्हायला अजून १९०० साल उजाडायचंय. पंच "ओव्हर" म्हणतो आणि तुम्ही वेड्यासारखे सहाव्या चेंडूसाठी वाकून उभे. हसतील ते.

बाळूचा एक चेंडू बॅटीची कड घेतो आणि तुमच्या दोन्ही तळव्यांत येऊन बसतो. झेल! तुम्ही चेंडू उंच उडवता, यष्टिरक्षक तो पकडतो, पॉइंटकडे टाकतो, पॉइंटवाला मिड-ऑफकडे, आणि फिरून तो बाळूच्या हातात. एका मिनिटात त्या चेंडूला वेगवेगळ्या जातींचे हात लागले. शिवाय तो चामड्याचा. घरी चामड्याला शिवून आत आलात तर आजी आंघोळीला पाठवील. इथे तोच चेंडू तुम्ही झब्ब्याला घासून चकचकीत करताय. चेंडूला विटाळ नाही, असं सगळ्यांनी मिळून, एकमेकांना न विचारता ठरवून टाकलेलं आहे.

मग चहाची सुट्टी होते.

अकरा जण मैदान सोडून पॅव्हिलियनकडे चालू लागतात. पायऱ्यांशी दहा उरतात. तुम्ही आत जाता. टेबलावर पांढरे चिनी मातीचे कप मांडलेले आहेत. तुम्ही एक उचलता, बशीत चहा ओतता, दाराशी येऊन उभे राहता. बाहेर, पॅव्हिलियनपासून काही पावलांवर, आज सकाळपासून सर्वांत जास्त षटकं टाकलेला माणूस उभा आहे. त्याच्या हातात मातीचं मडकुलं आहे, कुंभाराकडचं, पिऊन झालं की फोडून टाकायचं. तोंड धुवायचं असेल तर क्लबाचा एक नोकर, तोही अस्पृश्यच, किटली घेऊन मैदानाच्या कोपऱ्यात जातो आणि वरून पाणी धरतो. जेवणाच्या वेळीही त्याची थाळी वेगळी आणि टेबल वेगळं.

तुमच्या हातात कप आहे आणि बाहेर जायला कुणाची मनाई नाही. चार पायऱ्या उतरायच्या आणि त्याच्या शेजारी उभं राहून चहा प्यायचा. जाऊन पाहा. पाय उचलतो का? आजूबाजूला कुणी रागीट माणसं नाहीत. सगळे सज्जन आहेत, त्यांतले निम्मे वर्तमानपत्रांतून सुधारणेवर पत्रं लिहितात, आणि आत्ताच्या त्या चेंडूची तारीफ चाललेली आहे. "काय वळला हो!" या वाक्यानंतर सगळ्यांची मान दाराकडे वळते आणि पुन्हा बशीकडे. तुम्हीही एक घोट घेता. चहा निवत चाललाय.

अस्पृश्यतेविषयी पुस्तकांत वाचताना आपण नेहमी बाहेर उभ्या असलेल्या माणसाच्या बाजूने वाचतो. ते सोपं आहे. क्लबाच्या आत उभं राहिलं की कळतं की अन्याय करायला काहीच करावं लागत नाही. चहा संपेपर्यंत जागेवर उभं राहिलं की पुरतं.

पुण्याच्या हिंदूंनी गोऱ्यांना हरवलं. मग साताऱ्याच्या गोऱ्यांच्या जिमखान्याशी सामना ठरला. त्यांनी बाळूची कीर्ती ऐकली होती. फिरकी चालू नये म्हणून त्यांनी आपल्या माळ्यांना आठवडाभर खेळपट्टीवर रोलर फिरवायला लावलं. लहानपणापासून रोलर ओढत आलेल्या माणसाविरुद्ध रोलर! लाटलेल्या मातीत काय असतं आणि काय नसतं, हे त्याच्याइतकं त्या मैदानावर कुणाला ठाऊक असणार? त्याने सात बळी घेतले. पुण्यात त्याचं जाहीर कौतुक झालं. न्यायमूर्ती रानडे यांनी केलं आणि टिळकांनीही. एरवी एकमेकांच्या विरुद्ध तोंडाची ही दोन नावं एका डावखुऱ्या फिरकीपाशी एकत्र आली.

•

१८९६ साली मुंबईत प्लेग शिरला, पाठोपाठ पुण्यात. माणसं गाव सोडून चालली होती. या धामधुमीत बाळू मुंबईला आला. आगगाडीच्या डब्यात त्याच्यासमोर बसा आणि खिडकीबाहेर बघता बघता एवढं लक्षात घ्या की मुंबईत क्रिकेट म्हणजे धर्माधर्मांचे जिमखाने. बॉम्बे जिमखाना गोऱ्यांचा. तिथे हिंदी माणूस आत जातो तो नोकर म्हणून. पारशांचा वेगळा, मुसलमानांचा वेगळा. समुद्राकाठी केनेडी सी-फेसवर १८९४ पासून परमानंददास जीवनदास हिंदू जिमखाना, लोकांच्या तोंडी पी. जे. हिंदू. 'हिंदू' या पाटीखाली कोण कोण येतं, हा प्रश्न बाळू दारात उभा राहीपर्यंत कुणाला पडला नव्हता. काही सभासदांनी नाक मुरडलं. कीर्तिकर नावाच्या कर्णधाराने आग्रह धरला आणि बाळू आत आला. पोटासाठी बी. बी. अँड सी. आय. रेल्वेची नोकरी, तिच्या संघाकडून खेळणं, आणि जिमखान्याकडून मोठे सामने.

क्लबाकडून खेळणाऱ्या नोकरदाराचा मुंबईतला हा दिनक्रम पुढची शंभर वर्षं चालणार आहे. हफ्ताभर हापिस, सुट्टीला मैदान, आणि खेळतो म्हणून नोकरी टिकलेली. आज बँकांच्या आणि कंपन्यांच्या संघांतून खेळलेल्या कुणालाही विचारा. हे गणित तो झोपेतही सांगेल.

आता फेब्रुवारी १९०६. एस्प्लनेडवर, बॉम्बे जिमखान्याच्या मैदानाभोवती उभे राहा. उभे, कारण शामियान्यातल्या खुर्च्या तुमच्यासाठी नाहीत. पुढे डोकी आडवी येत असतील तर झाडावर चढा. वरची मंडळी सरकून जागा देतात. बंगालची फाळणी होऊन चार महिने झालेत, स्वदेशीचा जोर आहे, आदल्याच वर्षी जपानने रशियाला धूळ चारली आहे. त्यामुळे आज मैदानावर हिंदू आणि युरोपियन समोरासमोर आलेत, तेव्हा झाडावरचा प्रत्येक जण धावा मोजताना आणखी काहीतरी मोजतोय.

हिंदूंच्या संघात दोन पालवणकर आहेत. बाळू आता तिशीचा, आणि सोबत शिवराम. ज्या दोन पोरांनी साहेबांच्या टाकलेल्या सामानावर खेळ शिकला, ती दोघं साहेबांच्या सर्वांत मानाच्या मैदानावर साहेबांविरुद्ध उतरली आहेत.

फळ्यावरचे आकडे वाचा. हिंदू २४२. युरोपियन १९१. हिंदू दुसऱ्या डावात १६०. म्हणजे गोऱ्यांना जिंकायला २१२ हवेत. तुमच्या फांदीवर कुजबुज आहे की हे जमवतील ते. मग बाळू चेंडू घेतो. त्याच्या प्रत्येक षटकागणिक झाडांवरची गर्दी गप्प होत जाते, विकेट पडली की फांद्या हलतात, आणि शेवटचा गडी बाद होतो तेव्हा फळ्यावर फक्त १०२ असतात. एकशे नऊ धावांनी विजय. खाली माणसं धावत सुटली आहेत. उतरा, पण जपून. सगळे एकदम उतरतायत.

या गर्दीतून बाहेर पडण्याआधी एक बातमी ऐकून ठेवा. ती फळ्यावर नाही. मुंबईच्या हिंदू जिमखान्यात बाळू आणि शिवराम आता इतरांच्या पंगतीला बसतात. पुण्याच्या मडकुल्यापासून इथवर यायला दहाएक वर्षं लागली. के. नटराजन यांच्या 'इंडियन सोशल रिफॉर्मर'ने याची आवर्जून दखल घेतली, आणि ती घ्यावी अशीच गोष्ट होती. परिषदांतल्या ठरावांनी जे झालं नव्हतं, ते क्रिकेटच्या एका संघाने केलं. पण क्लबाच्या माणसाला एक बारकी शंका येईलच. जेवायला बरोबर बसवलं हे झालं. सामना कसा खेळायचा हे ठरवायला बसवणार का?

•

पुढचं स्टेशन टॉन्टन, सॉमरसेट परगणा, १९११चा उन्हाळा. आता बाळूंना अहो-जाहो करू या. पस्तिशीच्या माणसाला अरे-तुरे आपल्याकडे शोभत नाही, आणि तुमच्याशिवाय इथे अहो-जाहो कुणी करणार नाही.

पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली हिंदुस्थानचा पहिला संघ विलायतेला आलाय. पारशी, हिंदू, मुसलमान असा मिश्र. त्याच उन्हाळ्यात पंचम जॉर्जचा राज्याभिषेक, त्यामुळे कोवळ्या वयाचे महाराज मेजवान्यांत आणि बहुतेक सामने त्यांच्याविना. संघाची दैना झाली. तेवीस सामने, सहा विजय, पंधरा पराभव, दोन अनिर्णित. पण या पडत्या संघाचा एक खांब उभा राहिला. दौऱ्यात बाळूंनी ११४ बळी घेतले, सरासरी १९च्या आत. दुखऱ्या खांद्याने.

आज मात्र धाकट्याकडे लक्ष ठेवा. डावाला उतरती कळा लागलेली, एका टोकाला गडी पडतायत, आणि दुसऱ्या टोकाला शिवराम पालवणकर पाय रोवून आहेत. पूना क्लबाच्या जाळीत थोरल्याच्या हाती जी बॅट कधी दिली गेली नाही, ती इथे धाकट्याच्या हातात शतकापलीकडे पोचली आहे. नाबाद ११३. हिंदी संघ एक गडी राखून जिंकतो आणि तुमच्या शेजारचा सॉमरसेटवाला म्हातारा टोपी काढतो.

सामना संपला तरी जागा सोडू नका. त्या म्हाताऱ्याला विचारा की इंग्लंडच्या मैदानांवर दोन-दोन दारं कशाला? तो सांगेल: एक हौशी सभ्य गृहस्थांचं, एक पगारी खेळाडूंचं. कपडे बदलायच्या खोल्याही वेगळ्या. कौंटीचा मुख्य गोलंदाज बहुधा खाण कामगाराच्या नाहीतर विणकराच्या घरचा पगारी माणूस. कर्णधार मात्र हौशीच असायचा, मग त्याला खेळ येवो न येवो. तुम्हाला पुण्यातला तो न लिहिलेला नियम आठवेल. जातीचा आणि वर्गाचा विटाळ एक नव्हे. इंग्लंडात कुणी कुणाच्या सावलीला भीत नव्हतं. पण दोन्हीकडच्या क्लबांनी कुलूप लावलं ते एकाच कपाटाला. घामाचं काम खुलं, हुकमाचं काम राखीव.

मुंबईत परतल्यावर अस्पृश्य समाजाने बाळूंचा सत्कार केला. त्यांना दिलेल्या मानपत्राच्या मागे एल्फिन्स्टन कॉलेजात शिकणारा एक तरुण होता, असं सांगतात. त्याचं नाव भीमराव आंबेडकर.

•

१९२० साल सरत आलंय. तुम्ही मुंबईत, आणि या वेळी हिंदू जिमखान्याचे वर्गणी भरणारे सभासद. सकाळचं वर्तमानपत्र हातात आहे.

मधल्या काळात मुसलमानांचा संघ येऊन या जिमखान्यांमधली स्पर्धा चौरंगी झाली. पालवणकरांचे आणखी दोघे पुढे आले, गणपत आणि विठ्ठल. चौघाही भावांनी हिंदूंकडून खेळून दाखवलं. गणपत तरुणपणीच गेले. विठ्ठल मात्र आता संघातला सर्वांत भरवशाचा फलंदाज आहे. एकाच घराने एका संघाला इतकं दिल्याचं दुसरं उदाहरण तुम्हाला चटकन आठवत नाही. पण कर्णधारपद? ते मुकुंदराव पै यांच्याकडे राहिलं. खुद्द पैंनी १९१३ साली जाहीरपणे म्हटलं होतं की हा मान ज्येष्ठ म्हणून बाळूंना मिळायला हवा होता. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या होत्या. तुम्हीही.

यंदा बाळूंना संघातूनच वगळलं. पै आजारी पडले, तर सूत्रं विठ्ठल यांच्याकडे जायच्याऐवजी पुण्याच्या प्रा. दि. ब. देवधर यांच्याकडे. आणि आज वर्तमानपत्रात विठ्ठल आणि शिवराम या दोघांचं निवेदन आहे: जातीमुळे आमच्यावर अन्याय होतोय, स्वाभिमान राखून आम्ही संघातून बाहेर पडतो.

तुमच्याकडे कारणं तयार आहेत. बाळूंचं वय झालं, पंचेचाळिशीला आले. हे खरंच आहे. देवधर शिकलेले, संस्कृतचे गाढे अभ्यासक, आणि खेळाडू म्हणून मोठेच, तेही खरं. समोर गोरे असताना घरचं भांडण चव्हाट्यावर कशाला? एकेक कारण सुटं घेतलं तर बिनतोड आहे. सगळी एकत्र ठेवली की त्यांच्यातून एकच वाक्य तयार होतं आणि ते तुम्ही मोठ्याने म्हणणार नाही. चौदा वर्षांपूर्वीची ती बारकी शंका आज छापून आली आहे, एवढंच.

गावात गदारोळ झाला. गांधींची असहकाराची चळवळ जोरात होती, अस्पृश्यतेचा प्रश्न काँग्रेसच्या ठरावात येऊ घातला होता; अशा वेळी जिमखान्याला हे पेलवेना. पारशांविरुद्धच्या सामन्यासाठी पै परतले, भाऊ परत आले, बाळू उपकर्णधार झाले. आणि सामन्यात मध्येच पै मैदानाबाहेर गेले, म्हणजे काही वेळ तरी सूत्रं बाळूंच्या हाती यावीत. पैंचा हा मोठेपणाच. पण क्लबाचा माणूस म्हणून तुम्हाला कळतं की हे कर्णधारपद मिळालं नाही, उसनं आलं. अडीच तपं गोलंदाजी करून बाळूंच्या वाट्याला आलं ते एवढंच.

•

१९२३. पुन्हा बॉम्बे जिमखाना, पुन्हा हिंदू आणि युरोपियन, चौरंगीचा अंतिम सामना. सतरा वर्षांपूर्वीची ती फांदी आता तुमचं वजन पेलणार नाही. तिकीट काढून आत या. हिंदूंचा कर्णधार आहे विठ्ठल पालवणकर.

धावा आणि विकेटी बाजूला ठेवा. त्याच्या हातावर नजर ठेवा. कर्णधाराचं काम लांबून फार क्षुल्लक दिसतं. नाणेफेकीला जायचं. चेंडू कुणाला द्यायचा ते ठरवायचं. षटक संपलं की दोन पावलं चालून गोलंदाजाच्या कानाशी काही बोलायचं. आता पाहा: विठ्ठल स्लिपमधल्या एकाकडे बघतात, तळहात जरासा हलवतात, आणि तो माणूस काही न विचारता पळत थर्ड मॅनला जातो. कुणाच्या घरचा आहे तो? कुठल्या पंगतीत बसतो? काही फरक पडत नाही. हात हलला, माणूस हलला. पुण्यात चेंडू सगळ्या हातांतून फिरत होता तेव्हा त्यात धोका नव्हता, कारण चेंडू हुकूम देत नाही. आज पालवणकरांच्या घरातला माणूस हुकूम देतोय आणि दहा जण ऐकतायत.

हिंदू जिंकले. गर्दी दोरी ओलांडून आत घुसली आणि विठ्ठल यांना खांद्यांवर उचलून घेतलं. पुढे, १९४८ साली, विठ्ठल यांनी 'माझे क्रीडा-जीवन' या नावाने आत्मचरित्र लिहिलं, मराठीतून. ज्याला हे सगळं आतून पाहायचं असेल त्याने ते मिळवून वाचावं. मी तुम्हाला नेलं ते फक्त प्रेक्षकांच्या बाजूने.

आणि बाळू? त्यांनी मैदान सोडलं, पण कपाटाचं ते कुलूप त्यांच्या डोक्यातून गेलं नसावं. १९३२च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. १९३७च्या निवडणुकीत मुंबईत काँग्रेसने त्यांना उभं केलं, तेही कुणाविरुद्ध, तर ज्यांनी एके काळी त्यांचं मानपत्र रचलं असं सांगतात, त्या डॉ. आंबेडकरांविरुद्ध. आंबेडकरांना १३,२४५ मतं, बाळूंना ११,२२५. बाळू हरले, पण फरक पाहा. क्लबाच्या मैदानावर कमावलेलं नाव किती दूर जातं, याचा तो आकडा आहे. आणि किती दूर जात नाही, याचाही. क्लबाने आपल्याला जवळ केलं या अनुभवातून बाळू समेटाच्या बाजूला गेले. क्लबाने तीस वर्षं घासाघीस केली, या त्याच इतिहासातून आंबेडकरांनी उलटा धडा घेतला: दाराशी थांबून वाट बघण्यात पिढ्या जातात. दोघांपैकी एकाला खोटं ठरवावं, असं मला वाटत नाही. १९५५ साली बाळू गेले.

आता आपल्या काळात या. रविवार असेल तर तुम्हीही कुठल्या तरी क्लबाकडून खेळत असाल, निदान मुलाला सरावाला सोडत असाल. आज कुणाला बाहेर चहा देत नाहीत, आणि अकरा जणांच्या यादीत सगळ्या आडनावांना जागा असते. तिचा अभिमान बाळगायला हरकत नाही. पण पालवणकरांच्या घराने आपल्याला क्लब कसा वाचायचा ते शिकवलंय. संघाची यादी सर्वांत आधी बदलते, कारण जिंकायचं सगळ्यांनाच असतं. मग पंगत बदलते. हुकूम देणाऱ्यांची यादी सर्वांत शेवटी बदलते. तेव्हा पुढच्या खेपेस आपल्या क्लबात गेलात की धावफलकासमोर रेंगाळू नका. ऑफिसच्या भिंतीवर कार्यकारिणीची नावं लावलेली असतात, ती वरपासून खालपर्यंत वाचा, आणि कोण नाही ते वार्षिक सभेत उभं राहून विचारा.